दाराचं माप: वरळी कोळीवाड्यातल्या एका न उभारलेल्या खांबाचं प्रकरण

हे प्रकरण एका खांबाचं आहे. मुंबईच्या किनारी रस्त्याच्या पुलाचा खांब क्रमांक ८. आराखड्यात तो होता, समुद्रात उभा राहिला नाही. तो का राहिला नाही, त्यासाठी किती वर्षं भांडावं लागलं आणि शेवटी हाती काय आलं, एवढंच इथे मांडायचं आहे.

आधी एक गोष्ट. मुंबई कोकणात आहे हे मुंबईकर विसरलेला असतो, आणि पनवेलच्या पलीकडे कोकण सुरू होतं असं म्हणणारा कोकणी माणूसही ते फारसं मनावर घेत नाही. सरकारदरबारी मात्र कोकण विभागात मुंबईही येते, आणि समुद्राला तर ही हद्द ठाऊकच नाही. डहाणूपासून वेंगुर्ल्यापर्यंत जी भरती-ओहोटी चालते तीच वरळीच्या टोकाला चालते. तिथे इंग्रजांनी १६७५ च्या सुमारास बांधलेला छोटा किल्ला आहे, टेकडीवर गोलफादेवी आहे आणि मधल्या चिंचोळ्या जागेत कोळीवाडा. घरं एकमेकांना चिकटलेली, गल्ल्या दोन माणसं समोरासमोर आली तर एकाने अंग चोरावं एवढ्या. गल्ली संपली की एकदम मोकळं पाणी. पश्चिमेच्या बाजूला क्लीव्हलँड बंदर. बंदर म्हणजे मोठा धक्का, क्रेन वगैरे काही नाही. छोट्या होड्या लागण्याची जागा. प्रकरण या बंदराच्या तोंडावरच घडलं.

रस्ता कुठून आला

मुंबईचा किनारी रस्ता, म्हणजे लोकांच्या तोंडचा कोस्टल रोड, मरीन ड्राइव्हच्या बाजूला प्रिन्सेस स्ट्रीटच्या उड्डाणपुलापासून निघतो आणि वरळीला सागरी सेतूला मिळतो. लांबी १०.५८ किलोमीटर. काम २०१८ च्या ऑक्टोबरात सुरू झालं. बराचसा रस्ता भरावावर आहे, मलबार हिलखाली बोगदा आहे, काही भाग पुलावर आहे. भरावासाठी सुमारे १११ हेक्टर समुद्र बुजवला गेला. हा आकडा लक्षात ठेवावा, पुढे तो पुन्हा येणार आहे.

कोळीवाड्याने पहिल्यांदा कोर्टाचा रस्ता धरला. वरळी कोळीवाडा नाखवा मत्स्य व्यवसाय सहकारी सोसायटी विरुद्ध बृहन्मुंबई महानगरपालिका, अशा नावाने ते प्रकरण निकालपत्रांत नोंदलेलं आहे. १६ जुलै २०१९ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने किनारा नियमन क्षेत्राच्या परवानग्या रद्द केल्या आणि काम थांबलं. १७ डिसेंबर २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या निकालाला स्थगिती दिली आणि काम पुन्हा सुरू झालं. कायद्याच्या अंगाने यावर पुष्कळ लिहिता येईल, पण आपल्या खांबाच्या दृष्टीने एकच गोष्ट महत्त्वाची: रस्ता होणार हे त्या डिसेंबरात जवळपास नक्की झालं. तिथून पुढे कोळीवाड्यापुढे प्रश्न उरला तो रस्त्याखालून बाहेर पडायचं कसं याचा.

कारण रस्त्याचं उत्तरेकडचं टोक सागरी सेतूला जोडायचं म्हणजे मध्ये पूल हवा, पुलाला पाण्यात खांब हवेत, आणि ते खांब क्लीव्हलँड बंदरातून दर्यात जाण्याच्या वाटेवरच येत होते. आराखड्यात दोन खांबांमधलं अंतर होतं ६० मीटर. कोळ्यांनी आधी २०० मीटर मागितलं, मग १६० वर आले.

साठ मीटर पुरतात की नाही

वर्तमानपत्रांत हा वाद बराच काळ 'कोळ्यांचा विरोध' अशा मथळ्याखाली आला. मला तो मापाचा वाद वाटतो. दोन माणसं एकच दार मोजताहेत, दोघांच्या हातातली पट्टी वेगळी आहे, आणि त्यातल्या एकाचीच पट्टी कागदावर धरली जाते.

महापालिकेचा हिशोब समजायला सोपा होता. या बंदरातली छोटी होडी रुंदीला दोन-तीन मीटर. ६० मीटरच्या गाळ्यातून, म्हणजे दोन खांबांमधल्या जागेतून, कागदावर वीस होड्या खांद्याला खांदा लावून जातील. एक येणारी, एक जाणारी, मध्ये ऐसपैस जागा, तरीही निम्म्याहून जास्त गाळा रिकामा. मग तक्रार कसली?

तक्रार समजायची तर होडी कागदावरून पाण्यात घालावी लागते. मोटार जिकडे तोंड करते तिकडे जाते. होडीचं तसं नसतं. तिचं तोंड एकीकडे, वारा दुसरीकडून, पाण्याची ओढ तिसरीकडे, आणि ती प्रत्यक्षात सरकते चौथ्याच रेषेत. तांडेल ती चौथी रेषा धरून चालवत असतो. पावसाळ्याच्या आगेमागे नैऋत्येची लाट बाजूने आली की होडी एका उसळीत आडवी काही मीटर सरकते. मोकळ्या दर्यात त्याचं काहीच वाटत नाही. पण दोन्ही बाजूंना काँक्रीट असेल तर त्या आडव्या मीटरांना किंमत येते.

खांब पाण्यात उभा राहिला की पाणीही पूर्वीसारखं राहत नाही. ओहोटीचं पाणी मोकळ्या जागेतून सावकाश जातं, खांबांच्या मधून जाताना जोर धरतं, आणि खांबाच्या मागे भोवरे धरतात. शेजारी भरावाचा दगडी बांध असेल तर लाट त्यावर आपटून परत येते. समोरून येणारी लाट आणि बांधावरून परतलेली लाट एकमेकींत घुसल्या की जे पाणी होतं त्याला चाल उरत नाही, ते जागच्या जागी उकळतं. त्यातून छोटं इंजिन नेमकं तिथेच बंद पडलं तर? दर्यात इंजिन बंद पडतं, त्यात नवल नाही. नांगर टाकायला, वल्हं मारायला, पुन्हा दोरी ओढून इंजिन चालू करायला थोडा वेळ लागतो, आणि तेवढ्या वेळात होडी वाहत असते. किती वाहील? ६० मीटरच्या मधोमध असेल तर दोन्हीकडे तीस-तीस. आणि ६० हे खांबाच्या मध्यापासून खांबाच्या मध्यापर्यंतचं माप. खांबाची जाडी आणि त्याभोवतीचं संरक्षण वजा केलं की मोकळं पाणी त्याहून कमी.

अजून एक बाब आराखड्यात दिसत नाही. वरळीचा तळ खडकाळ आहे. कोळी त्याला खडप म्हणतात. भरतीला खडप झाकलेलं असतं, ओहोटीला वर येतं, आणि सगळ्यात वाईट वेळ या दोन्हींच्या मधली, जेव्हा ते पाण्याखाली वीतभर असतं. म्हणजे दोन खांबांमधली सगळी रुंदी ही वाट नसते. वाट त्या रुंदीच्या एखाद्या भागातूनच असते, आणि ती तिथीप्रमाणे बदलते.

तिथीवरून आठवलं. भरतीची वेळ काढायचा एक जुना हिशोब कोकणपट्टीत चालतो: तिथीची पाऊणपट. आज चतुर्थी असेल तर चाराची पाऊणपट तीन, म्हणजे पूर्ण भरती तीनच्या सुमारास. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा. पौर्णिमा-अमावास्येला बाराच्या आसपास, मग रोज सुमारे पाऊण तास पुढे. भरतीच्या छापील कोष्टकाशी पडताळून पाहिलं तर फार चुकत नाही. मुंबईला उधाणाच्या दिवसांत भरती-ओहोटीतला फरक चार-पाच मीटरपर्यंत जातो, म्हणजे दीड मजला पाणी दिवसातून दोनदा वर येतं आणि दोनदा उतरतं. ज्या माणसाचं बाहेर पडणं आणि घरी परतणं या हिशोबावर ठरतं, त्याला दाराची रुंदी ही एक ठरीव संख्या वाटतच नाही. तिला वेळ असते, वारा असतो, अंधार असतो.

हे सगळं अडाण्याची भीती म्हणून सोडून देण्यासारखं नव्हतं, कारण शेजारीच अनुभव उभा होता. वांद्रे-वरळी सागरी सेतू २००९ च्या जूनअखेरीस सुरू झाला. त्याच्या खांबांच्या मधून होड्या काढताना काय होतं हे कोळीवाड्याने दहा-बारा वर्षं पाहिलं होतं, खांबाला होड्या घासल्याच्या तक्रारीही केल्या होत्या. नव्या पुलाने आता त्या वाटेवर दुसरी रांग उभी राहणार होती. एका दारातून निघालं की पुढे दुसरं दार. आणि त्याच सेतूला वरळीच्या बाजूस तारांवर तोललेला १५० मीटरचा गाळा आहे, वांद्र्याच्या बाजूला तर २५० मीटरचे दोन आहेत. याच पाण्यात एवढं मोठं अंतर तोलता येतं हे दाखवायला परदेशातलं चित्र आणावं लागत नव्हतं, बंदरावर उभं राहून मान वळवली तरी पुरे होतं.

महापालिकेची अडचण

एकतर्फी लिहिणं सोपं आहे, म्हणून हेही लिहितो. महापालिकेची अडचण खोटी नव्हती. पुलाचा मधला खांब काढायचा म्हणजे नुसती रेघ पुसायची नसते. तीन खांब वाहणार होते तो भार आता दोन वाहणार, म्हणून त्या दोघांचे पाये बदलतात. ६० मीटरला चालणारी काँक्रीटची तुळई १२० ला चालत नाही, तिथे पोलादी कमान लागते. पोलाद महाग, ते आणणं अवघड, वर चढवणं त्याहून अवघड. या रस्त्याच्या पुलांसाठी एकेका भल्यामोठ्या खांबावर भार तोलणारी पद्धत वापरली गेली, असे १७६ खांब उभे राहिले. एवढ्या मोठ्या साखळीत मधली एक कडी बदलली की पुढचं वेळापत्रक हलतं, खर्च वाढतो, आणि हा खर्च शेवटी मुंबईकरांच्याच खिशातला असतो.

पण ही अडचण आली कुठून? आराखडा ठरताना बंदरावर जाऊन कुणी विचारलं असतं तर १२० मीटर पहिल्या दिवशीच कागदावर आले असते, आणि तेव्हा ते स्वस्तही पडले असते. रस्त्याच्या नकाशात जमिनीवरचं झाड, गटार, बसथांबा, सगळं दाखवलेलं असतं. समुद्र मात्र निळा आणि कोरा. त्या कोऱ्या निळ्यात कोळ्याच्या वाटा आहेत, जाळी मारायच्या जागा आहेत, नावं असलेली खडपं आहेत. नकाशा काढणाऱ्याच्या दृष्टीने ती मोकळी जागा होती, आणि मोकळ्या जागेत खांब कुठेही बसतो.

होड्या कामाच्या जागी

२०२१ च्या शेवटी कोळ्यांनी समुद्रातच काम अडवलं. होड्या काढल्या, खांबांचं काम चालू होतं तिथे नेल्या आणि तिथे थांबले. नुसतं थांबले. मोर्चे, निवेदनं, बैठका हे सगळं आधी होऊन गेलं होतं, नंतरही होत राहिलं, पण खरा जोर यात होता. जमिनीवर आंदोलकाला उचलून बाजूला ठेवता येतं. पाण्यात होडी बाजूला ठेवायची तर ते काम जमायला दुसरा कोळीच लागतो.

तेव्हा शहरातल्या बऱ्याच लोकांची प्रतिक्रिया ठरलेली होती: वीस मिनिटं वाचणार आहेत आणि हे लोक आडवे पडले आहेत. मला त्यात एक गंमत वाटायची. या टप्प्यावर कोळीवाडा रस्ता रद्द करा म्हणत नव्हता. तो सांगत होता की रस्ता करा, पण आमच्या रस्त्यावर खांब नको. दोन्ही बाजूंची मागणी जाण्या-येण्याच्या वाटेचीच होती. एकाची वाट वरून, दुसऱ्याची खालून.

मध्ये तज्ज्ञ संस्थांचे अहवाल आले, ६० मीटर पुरेसे आहेत असं सांगितलं गेलं, कोळ्यांनी ते मानलं नाही. सरकारंही बदलली. अखेर २०२३ च्या सुरुवातीला निर्णय झाला: खांब क्रमांक ७ आणि ९ राहतील, मधला ८ होणार नाही, अंतर १२० मीटर.

१२० हा आकडा कुणाचाच नव्हता. ६० पुरतात असं ठामपणे सांगणाऱ्यांनी तो दिला, १६० च्या खाली धोका आहे असं ठामपणे सांगणाऱ्यांनी तो घेतला. एक खांब काढला की साठाचे दुप्पट होतात, त्यामुळे आकडा समुद्राने ठरवला नाही, आराखड्याच्या चौकटीने ठरवला. कोळीवाड्यात समाधान होतं, आणि ते रास्त होतं. एवढ्या मोठ्या प्रकल्पात काँक्रीटला जागा सोडायला लावणं ही छोटी गोष्ट नाही.

दार मिळालं, अंगणाचं काय

आता तो १११ हेक्टरचा आकडा. दाराचं भांडण खांबांमुळे लोकांना दिसलं. भरावाखाली जे गेलं ते फारसं दिसलं नाही.

किनाऱ्याजवळचा, ओहोटीला उघडा पडणारा खडकाळ पट्टा हे कोळीवाड्याचं अंगण असतं. होडी नसलेला माणूस तिथे जातो. बायका पाणी उतरलं की कोयता-पाटी घेऊन खडपावर जातात, कालवं फोडतात, चिंबोऱ्या धरतात. कपारीतून शेवंड मिळते. दर्या खवळलेला असतो आणि होडी बाहेर काढता येत नाही, त्या दिवसांत घर याच अंगणावर चालतं. पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारीला बंदी असते, ते ६१ दिवस घरात ओलं कालवण शिजतं त्यातलं बरंचसं इथलंच.

नुकसानभरपाई ठरवण्यासाठी टाटा सामाजिक विज्ञान संस्थेकडे अभ्यास सोपवला गेला. काम अवघड होतं, कारण भरपाईला पुरावा लागतो. होडीला नोंदणी क्रमांक असतो, परवाना असतो, डिझेलची नोंद असते. खडपावर जाणाऱ्या बाईकडे काय असतं? कालवांची पावती कुणी देत नाही. तिने गेल्या वर्षी किती कालवं काढली हे तिला विचारलं तर ती सांगेल ते 'पुरायची' एवढंच. अशा उत्तराचं कोष्टक करणं कुठल्याही प्रामाणिक अभ्यासकाला कठीण आहे.

याच किनाऱ्यावर, हाजीअली आणि वरळीच्या खडकांवर, प्रवाळ सापडले होते. प्रवाळ वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत येतात. त्यामुळे ते रीतसर परवानगी घेऊन, जपून उचलून, दुसरीकडे नेऊन लावण्यात आले. ते योग्यच झालं. पण त्याच खडकावरची कालवं कुठल्या अनुसूचीत नाहीत आणि ती काढणारीही नाही, म्हणून त्यांचं स्थलांतर कुणाच्या यादीत आलं नाही.

माझ्या मते या प्रकरणात कोळीवाड्याच्या बाजूनेही एक गोष्ट राहून गेली. लढा नाखव्यांच्या, म्हणजे होडीच्या मालकांच्या, हाती होता, आणि नाखव्याला दार दिसतं. ते साहजिक आहे, त्याचा जीव तिथे टांगलेला असतो. अंगण बायकांचं होतं. अंगणाचं माप काढून ते टेबलावर ठेवणारं कुणी तितक्या जोराने पुढे आलं नाही, किंवा आलं असेल तर त्याच्याकडे कॅमेरे वळले नाहीत. खांब काढता येतो. भराव काढता येत नाही.

समुद्र बुजवणं वरळीला नवं नाही, हेही खरं. वरळी आणि महालक्ष्मी यांच्यामधून समुद्र आत शिरायचा ती खिंड अठराव्या शतकात, १७८४ च्या सुमारास, हॉर्नबी वेलार्ड बांधून बंद केली गेली. त्या बांधाबद्दल दंतकथा अशी की तो पुन्हा पुन्हा कोसळायचा, मग रामजी शिवजी नावाच्या पाठारे प्रभू स्थापत्यकाराला देवीने दृष्टांत दिला, समुद्रातून मूर्ती काढल्या, आणि तेव्हा कुठे बांध टिकला. खरंखोटं देवी जाणे. पण त्या काळच्या बांधकामाला निदान समुद्राची परवानगी घ्यावी लागली, अशी ती गोष्ट सांगणाऱ्यांची समजूत होती.

कमान आली ती रात्र

खांब ८ च्या जागी आता वर पोलादी कमान आहे. धनुष्याला दोरी ताणावी तशी तिची रचना. दोन कमानी आहेत, एक जाण्यासाठी, एक येण्यासाठी. पहिली १३६ मीटर लांब आणि सुमारे २,००० टन वजनाची, दुसरी १४३ मीटर आणि सुमारे २,५०० टन. सुटे भाग हरयाणातल्या अंबाल्याला तयार झाले, जोडणी न्हावा बंदरात झाली, आणि तिथून तराफ्यावर घालून त्या समुद्रमार्गे वरळीला आणल्या. दुसरी २०२४ च्या मे महिन्यात बसली, १२ सप्टेंबर २०२४ रोजी पुलाचं उद्घाटन झालं आणि दुसऱ्या दिवसापासून वरून वाहतूक सुरू झाली.

पहिली कमान बसली ती २६ एप्रिल २०२४ च्या पहाटे. २,००० टनांची तुळई दोन खांबांवर ठेवायची तर ती आधी खांबांच्या वर न्यावी लागते, आणि मग खाली उतरवावी लागते. तराफा त्यासाठी भरतीच्या पाण्यावरच उचलला जातो. पाणी उतरू लागलं की तराफा खाली जातो आणि तुळई खांबांवर टेकते. अभियंत्यांनी त्यासाठी महिना, दिवस आणि तास निवडला होता. काम मध्यरात्रीनंतर दोनच्या सुमारास सुरू झालं.

चैत्री पौर्णिमा होऊन गेली होती. त्या रात्री वद्य द्वितीया होती. दोनाची पाऊणपट दीड.